नावाचा अर्थ विचारण्याआधी त्याचं गाव विचारा

पत्र:

आमच्या मुलीचं नाव आम्ही कियारा ठेवलं, त्याला चार महिने झाले. तेव्हा मोबाइलवर अर्थ पाहिला होता: तेजस्वी, प्रकाशमान. गेल्या आठवड्यात नणंदेने दुसऱ्याच संकेतस्थळावर पाहिलं, तर तिथे 'काळी, काळ्या केसांची' असं निघालं. तिसऱ्या ठिकाणी तर नाव संस्कृत असल्याचं लिहिलं आहे. सासूबाई म्हणतात, नावाचा अर्थ माणसाला चिकटतो, अजून पोर लहान आहे, बदलून टाका. नवरा म्हणतो, अर्थाने काही होत नाही. पण त्याने स्वतः मात्र पैसे भरून आमच्या आडनावाचा 'उगम आणि कुलचिन्ह' असं प्रमाणपत्र मागवलं आहे. त्यावर एक ढाल आणि दोन सिंह आहेत. खरं सांगायचं तर आमच्या यादीत अकरा नावं होती आणि साडेतीन वर्षांच्या आमच्या मुलाला त्यातलं हे एकच बऱ्यापैकी म्हणता आलं, म्हणून ते ठेवलं. तेही तो 'तियाला' म्हणतो. खरा अर्थ कोणता? नाव बदलू का?

उत्तर:

प्रिय ताई,

आधी निकाल सांगते, नाहीतर तो शोधायला तुम्ही थेट शेवटाकडे जाल. नाव बदलू नका. आता कारणं.

तेजस्वी की काळी? दोन्ही खरं आहे, आणि हे मी कुणाचं मन राखायला म्हणत नाहीये. इटलीत कियारा हे फार जुनं नाव. लॅटिन 'क्लारा'चं ते इटालियन रूप. अर्थ स्वच्छ, उजळ, लख्ख. असिसीची संत क्लारा (११९४–१२५३) इटालियनांसाठी कियाराच आहे, आणि इंग्रजीतली क्लेअर हिचीच बहीण. तिकडे आयर्लंडच्या भाषेत 'कियर' म्हणजे काळा, गडद. त्यावरून मुलाचं नाव कियरान आणि मुलीचं कीरा. हे कीरा रोमन लिपीत सी-आय-ए-आर-ए असं लिहितात. अक्षरं पाहून कुणी त्याचा उच्चार कियारा केला, कुणी सुरुवातीला के लावला, आणि दोन वेगळ्या गावची माणसं एकाच दारात येऊन उभी राहिली. तुम्ही पाहिलं त्या संकेतस्थळाने एकीला आत घेतलं, नणंदेच्या संकेतस्थळाने दुसरीला.

त्याच आयरिश कियरानवरून इंग्रजीत 'कीरन' आलं. अर्थ, छोटा काळसर. आपल्या कानाला ते 'किरण'च वाटतं, आणि किरण म्हणजे उजेडाची तिरीप. कानाला दोन्ही सारखीच, पण एकात उजेड आहे आणि दुसऱ्यात काळोख.

संस्कृतचा दावा मात्र सोडून द्या. आपट्यांचा कोश उघडा, नाहीतर मोनियर-विल्यम्सचा १८९९चा. नाव संस्कृत म्हणायचं तर तो शब्द किंवा त्याचा धातू तिथे मिळायला हवा. कियारा मिळत नाही. आपल्या घरांत ते पडद्यावरून आलं, आणि त्यात लाजण्यासारखं काही नाही. नावं नेहमी अशीच आली आहेत, आधी पुराणांतून आणि कीर्तनांतून, मग नाटकांतून, आता सिनेमांतून.

राहिली 'काळी'. नणंदबाईंना एवढंच विचारा, की कृष्ण या शब्दाचा अर्थ काय? द्रौपदीचं एक नाव कृष्णा, तेही वर्णावरून. श्यामल, श्यामला, मेघश्याम ही नावं आपण कौतुकाने ठेवतो. युरोपातली मेलनी ग्रीक भाषेत काळीच. डग्लस म्हणजे स्कॉटलंडच्या गेलिक भाषेत काळं पाणी, एका ओढ्याचं नाव. काळा हा अर्थ वाईट, असं त्या संकेतस्थळाने कुठेच म्हटलेलं नाही. तो शेरा घरातला आहे.

ही नावांची संकेतस्थळं कशी चालतात, हेही जरा पाहू. एकाने लिहिलेलं दुसरा उचलतो, तिसरा त्यात 'मूळ: संस्कृत' घालतो, चौथा 'देवाची देणगी' हा हुकमी अर्थ जोडतो. कुठल्या ग्रंथात, कुठल्या शतकात, कोणाचं नाव होतं, याचा पत्ता नसतो. तुमच्या अकरा नावांत मायरा असणारच, हल्ली प्रत्येक यादीत असते. तिला कुठे संस्कृत म्हणतात, कुठे अरबी. हे नाव फुल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) या इंग्रज कवीने आपल्या कवितांसाठी घडवलं असं मानलं जातं. व्हनेसा तर जोनाथन स्विफ्ट या लेखकाने चक्क जोडकाम करून बनवली. एस्थर नावाच्या मैत्रिणीच्या आडनावातलं 'व्हॅन' घेतलं आणि तिच्या लाडक्या हाकेतलं 'एस्सा' त्याला जोडलं. आता व्हनेसाचा 'अर्थ' शोधणाऱ्याने काय शोधायचं?

म्हणून माझा साधा नियम: अर्थाआधी गाव विचारा. नाव कुठल्या भाषेतलं, तिथल्या लिपीत कसं लिहितात, पहिल्यांदा कोणी ठेवलं. गाव बदललं की अर्थ बदलतो. माया आपल्याकडे भ्रम आणि जिव्हाळा दोन्ही. हिब्रूत ते नाव पाण्याच्या शब्दाशी जोडतात. ग्रीकांची माया ही हर्मीस देवाची आई. नाओमी हिब्रूत 'गोड, सुखद', आणि जपानमध्ये त्याच उच्चाराचं वेगळंच, स्वतंत्र नाव आहे. दोन्हींचा एकमेकांशी काही संबंध नाही. कमल आपल्याकडे फूल. अरबीतला कमाल म्हणजे परिपूर्णता. 'कमाल केलीस' म्हणतो तोच शब्द, आणि तुर्कस्तानच्या मुस्तफा केमालमधला केमालही तोच.

उलटही होतं. गावं अनेक, माणूस एकच. हिब्रूतल्या योहानान या नावाचे, म्हणजे 'देवाने कृपा केली' याचे, जॉन, जाँ, हुआन, जोव्हानी, इव्हान, शॉन, हान्स आणि याह्या इतके अवतार झाले आहेत. रशियातला इव्हान आणि आयर्लंडमधला शॉन एकाच नावाचे, हे दोघांना सांगूनही खरं वाटायचं नाही. सिकंदरची कथा तर मला फार आवडते. ग्रीक नाव अलेक्झांड्रोस, 'माणसांचा रक्षक'. ते अरबीत गेलं तेव्हा सुरुवातीचं 'अल' हे लोकांना आपलं रोजचं 'अल्' वाटलं, जे अरबीत नामाआधी लागतं. म्हणून ते सुटं पडलं आणि मागे उरला इस्कंदर, मग सिकंदर. जग जिंकायला निघालेल्या माणसाच्या नावातलं आख्खं 'अल' एका गैरसमजात गळालं.

आता सासूबाईंचा मुद्दा: अर्थ चिकटतो का? यावर हसू नका, त्यात थोडं तथ्य आहे, त्याकडे येतेच. पण बहुतेक नावांत अर्थ कधीच वाळून गेलेला असतो. क्लॉडिया हे ज्या रोमन घराण्याच्या नावावरून आलं ते लॅटिनमधल्या 'लंगडा' या शब्दाशी जोडलं जातं. सिसिलिया तशीच 'आंधळा'शी. कॅमेरॉन म्हणजे गेलिक भाषेत वाकडं नाक, कॅम्पबेल म्हणजे वाकडं तोंड. त्या घराण्यांत सरळ नाकाची माणसं जन्मायची थांबली नाहीत. रोमचा मोठा वक्ता सिसेरो. त्याचं नाव हरभऱ्याच्या लॅटिन शब्दावरून आलेलं. प्लुटार्क हा ग्रीक चरित्रकार सांगतो की कुणा पूर्वजाच्या नाकाच्या शेंड्याला हरभऱ्यासारखी खाच होती. सिसेरो राजकारणात उतरला तेव्हा मित्र म्हणाले, हे नाव बदल. तो म्हणाला, मीच याला मोठं करून दाखवतो. दोन हजार वर्षांनी 'सिसेरो' ऐकून वक्तृत्व आठवतं, हरभरा कोणाला आठवत नाही.

मग तथ्य कुठे आहे? जिथे हाक मारणाऱ्यांना अर्थ ऐकू येतो तिथे. चीनमध्ये कित्येक मुलींची नावं 'चाओदी' असायची, म्हणजे 'धाकट्या भावाला बोलावून आण'. ती भाषा बोलणाऱ्या प्रत्येकाला ते रोज कळतं, आणि त्या मुलीलाही. आपल्याकडची नकुशी तशीच. २०११मध्ये सातारा जिल्ह्यात अडीचशेहून अधिक नकुशींची नावं समारंभाने बदलली, ते योग्यच झालं. पण तिथेही सरसकट नियम लावता येत नाही. मंगोलियात मूल जगावं म्हणून त्याला 'नेरग्वी' म्हणजे 'नाव नाही', किंवा 'एनेबिश' म्हणजे 'हा तो नव्हे' असं नाव ठेवतात, वाईट शक्तींची दिशाभूल व्हावी म्हणून. आपला धोंडू, दगडू, केरबा याच कुळातले. शब्द तुच्छ, पण ठेवणाऱ्याच्या पोटात धास्ती आणि माया. नुसता अर्थ पाहिला तर नकुशी आणि धोंडू एका रांगेत बसतील. का ठेवलं हे विचारलं की त्यांच्यात जमीनअस्मानाचं अंतर दिसेल.

म्हणजे कसोटी अशी: तुमच्या मुलीला ज्या भाषेत हाक मारली जाणार, त्या भाषेत कियारा हा शब्द काही वाईट बोलतो का? मराठीत नाही, हिंदीत नाही, इंग्रजीतही नाही. सासूबाईंना हेच सांगा, आणि 'तुम्हाला काय कळतं' या सुरात नको. त्यांची काळजी नात मोठी झाल्यावर तिला कुणी हिणवेल का, एवढीच आहे. तिला उत्तर द्या, वाद संपेल.

काही नावांत अर्थाऐवजी जन्माची नोंदच असते. घानामधल्या अकान लोकांत वारावरून नाव ठेवतात. संयुक्त राष्ट्रांचे माजी महासचिव कोफी अन्नान यांचं पूर्ण नाव कोफी अट्टा अन्नान. कोफी म्हणजे शुक्रवारी जन्मलेला, अट्टा म्हणजे जुळा, अन्नान म्हणजे चौथं अपत्य. त्यांचा जन्म ८ एप्रिल १९३८चा, वार शुक्रवार, जोडीला जुळी बहीण. जन्मदाखला हरवला तरी चालेल असं नाव. नायजेरियातल्या योरुबा लोकांत जुळ्यांपैकी आधी येणारा तैवो आणि मागून येणारा केहिंदे. पण थोरला मान केहिंदेचा. समज असा, की त्यानेच तैवोला पुढे पाठवलं, जा, जग कसं आहे ते चाखून ये. हे वाचल्यापासून मला कुठलीही जुळी भावंडं दिसली की मी मनात ठरवत बसते, कोणी कोणाला पाठवलं असेल.

आता तुमच्या यजमानांची ढाल. त्यांना वाईट वाटेल, पण सांगते. युरोपातल्या कुलचिन्हांच्या परंपरेत, निदान इंग्लंडच्या कायद्यात, ढाल ही एका व्यक्तीला आणि तिच्या वंशजांना मिळते. आडनावाला ढाल नसते. तेच आडनाव लावणारा दुसरा माणूस ती वापरू शकत नाही, मग ज्या परंपरेत ढालीच नव्हत्या तिथल्या आडनावाला दोन सिंह कुठून चिकटणार? शिवाय एक आडनाव म्हणजे एक कुळ, हेच मुळात खरं नाही. लोहार घ्या. तो प्रत्येक गावात लागायचा, म्हणून प्रत्येक भाषेत त्याचं आडनाव झालं. इंग्रज स्मिथ, जर्मन श्मिट, हंगेरियन कोव्हाच, पोलिश कोवाल्स्की, रशियन कुझनेत्सोव्ह, अरबी हद्दाद, इटालियन फेरारी. हो, ती लाल गाडीवाली फेरारी म्हणजे आपले लोहारच. यातल्या दोन स्मिथांचा एकमेकांशी नातं असण्याचा संभव दोन अनोळखी लोहारांइतकाच.

आणि आडनाव फार पुरातन असतं, हाही भ्रम. कितीतरी देशांत ते सरकारने मागितलं म्हणून आलं. कर, लष्करभरती, नोंदवह्या, यांना दोन नावं सोयीची पडतात. जपानमध्ये सामान्य लोकांना १८७०मध्ये आडनाव लावायची मुभा मिळाली आणि १८७५मध्ये सक्ती झाली. म्हणून तिथे तानाका म्हणजे शेताच्या मध्ये, यामामोतो म्हणजे डोंगराचा पायथा, अशी घरासमोरचा देखावा सांगणारी आडनावं भरपूर. तुर्कस्तानात कायदा झाला १९३४मध्ये. त्याच वर्षी संसदेने मुस्तफा केमालना अतातुर्क, म्हणजे तुर्कांचा पिता, हे आडनाव दिलं आणि ते इतर कोणी घ्यायचं नाही असं ठरवलं. थायलंडमध्ये १९१३मध्ये राजा वजिरावुध यांनी आडनावं आणली आणि स्वतः बसून हजारो घराण्यांना घडवून दिली. राजाचं नाव पुन्हा वाचा: वज्रायुध. तिथला नंतरचा एक राजा भूमिबोल अदुल्यदेज, म्हणजे भूमिबल अतुल्यतेज. इंडोनेशियाच्या माजी अध्यक्ष मेगावती सुकर्णोपुत्री म्हणजे मेघवती, सुकर्णची मुलगी. हे आडनावही नव्हे, वडिलांचं नाव आहे. संस्कृत नाव शोधायची एवढी हौस असेल तर ते कुठेकुठे जाऊन राहिलंय ते आधी बघा.

आइसलँडमध्ये तर बहुतेकांना आडनावच नाही. वडिलांच्या किंवा आईच्या नावापुढे 'सोन' किंवा 'दोत्तिर' लावायचं, आणि टेलिफोनच्या यादीतही माणसं पहिल्या नावाने शोधायची. बहीण-भावाचं शेवटचं नाव वेगळं, बापाचं आणखी वेगळं, आणि कोणाचं काही अडत नाही.

डचांची एक गंमत सांगून आडनावं संपवते. नेपोलियनच्या राज्यात, १८११च्या फर्मानाने, तिथे आडनाव नोंदवणं सक्तीचं झालं. लोक म्हणे वैतागले आणि कारकुनांची फिरकी घ्यायला 'नाक्तखेबोरेन' असली नावं नोंदवून आले, म्हणजे उघडा जन्मलेला. कथा झकास, पण तसलं आडनाव त्याआधीपासूनचं आहे. ते मुळात 'नंतर जन्मलेला' अशा अर्थाच्या शब्दाचा अपभ्रंश असल्याचं सांगतात, म्हणजे वडील वारल्यावर जन्मलेलं मूल. ज्याला लोक दोनशे वर्षं हसले त्या आडनावात एका बाईचं वैधव्य होतं. म्हणून यजमानांना म्हणावं, प्रमाणपत्र राहू द्या, घरातले जुने कागद काढा: सातबारा असो, दस्त असो, आजोबांचा शाळेचा दाखला असो. आडनाव कसं लिहिलं जायचं, कधी बदललं, ते तिथे कळेल. फडणीस, चिटणीस यांतला 'नीस' हा फारसीतला 'नवीस', लिहिणारा, हे कुठल्याही ढालीवर लिहिलेलं नसतं.

कामाचं एक: रोमन लिपीत कियाराचं स्पेलिंग आजच पक्कं करा. के-आय-ए-आर-ए की मध्ये वाय, शेवटी एक ए की दोन, जे काय ठरेल ते सगळ्या कागदांवर एकच ठेवा. नावाच्या अर्थाने कोणाचं काम अडल्याचं मला माहीत नाही. एका जादा ए-मुळे खिडकीखिडकीवर फिरणारी माणसं मात्र मी पाहिली आहेत, आणि त्यातली एक मी स्वतः होते.

तुमच्या पत्रातलं मला सगळ्यात आवडलेलं वाक्य तुम्ही 'खरं सांगायचं तर' म्हणून ओशाळून लिहिलंत. इंग्रजीतलं वेंडी हे नाव माहीत असेल. जेम्स बॅरी या नाटककाराच्या मित्राची छोटी मुलगी, मार्गारेट, त्याला 'माय फ्रेंडी' म्हणायची. तिला र म्हणता येत नव्हता, म्हणून ते 'फ्वेंडी' व्हायचं. ती लहानपणीच वारली. बॅरीने १९०४च्या 'पीटर पॅन' या नाटकातल्या मुलीला वेंडी हे नाव दिलं. त्याआधी हे नाव क्वचितच कोणी ठेवायचं, नंतर इंग्रजी जगात हजारो वेंडी झाल्या. त्यांचा सगळ्यांचा उगम एका पोरीच्या न फुटलेल्या र-मध्ये आहे.

तर एक वही घ्या. त्यात तारीख घाला, ती अकराच्या अकरा नावं लिहा, आणि कोणतं नाव दादाने कसं म्हटलं तेही लिहा. 'तियाला' हा उच्चार ठळक अक्षरांत. मुलगी दहा-बारा वर्षांची झाली की कधीतरी विचारेलच, माझ्या नावाचा अर्थ काय. तेव्हा इटली सांगा, आयर्लंड सांगा, आणि मग ही वही तिच्या हातात द्या.

ढाल फेकू नका. साडेतीन वर्षांच्या मुलाला दोन सिंह फार आवडतील.